फ्लीबॅगमधली ती मूर्ती आणि प्रॉडक्शन डिझायनरचं काम

ब्रिटिश कॉमेडी ड्रामाबद्दल बोलताना लोक रायटिंगचं, अ‍ॅक्टिंगचं भरभरून कौतुक करतात, करायलाच हवं, पण प्रॉडक्शन डिझायनरचं, म्हणजे सेट आणि त्यातल्या वस्तू कशा दिसतील हे ठरवणाऱ्याचं, नाव कुणाच्या तोंडी नसतं आणि मला याचं खरंच वाईट वाटतं.

'फ्लीबॅग' या सिरीजमधली ती मूर्ती आठवा. बाईचं नुसतं धड, डोकं नाही. २०१६ च्या पहिल्याच एपिसोडमधे नायिका, म्हणजे फ्लीबॅग, ती आपल्या कलाकार गॉडमदरच्या घरातून ढापते, मग ती मूर्ती या हातातून त्या हातात फिरत राहते आणि आपण दर वेळी हसतो. आणि मग २०१९ ला, दुसऱ्या सीझनमधे, कळतं की ती फ्लीबॅगच्याच आईवरून केलेली आहे. संपलं! वस्तू तीच, पण आता हसू येत नाही, घशात आवंढा येतो.

आता ही वस्तू ठरवणाऱ्याचा विचार करा. पटकन लपवून नेता येईल एवढीच हवी, हातात धरली की जरा विचित्र दिसायला हवी, आणि गॉडमदरला आपल्या कलेचा केवढा अभिमान, म्हणजे तिने खरंच मन लावून केलीये असंही वाटायला हवं. मुद्दाम चेष्टेची केली असती तर शेवटी काळजात काही हललंच नसतं. माझं तर ठाम मत आहे, अशा सिरीजमधे सेटने स्वतः विनोद करायचा नाही, घर खरं वाटलं पाहिजे, विनोद माणसं करतील.

'डॉक मार्टिन'चं पण बघा ना, गाव खरं, कॉर्नवॉलमधलं पोर्ट आयझॅक (सिरीजमधे पोर्टवेन), दवाखाना बाहेरून दिसतो ते घरही खरं, पण आतल्या खोल्या जवळच्या शेतावरच्या कोठारात उभ्या केलेल्या. म्हणजे डॉक्टर दार उघडतो एकीकडे आणि आत येतो भलतीकडेच, आणि दाराचा रंग, खिडकीतला उजेड असा जुळवायचा की आपल्याला शंकाही येऊ नये.

बाकी बारीक कामं तर किती! दुकानाच्या पाटीवर मोबाइल नंबर हवा असेल तर तोही मनाने नाही टाकत, ऑफकॉमने (ब्रिटनमधली फोन आणि टीव्हीवर देखरेख ठेवणारी संस्था) ड्रामासाठी ०७७०० ९०० ने सुरू होणारे हजार नंबर राखून ठेवलेत, त्यातलाच घेतात, नाहीतर कुणाच्या तरी खऱ्या घरी रात्री-बेरात्री फोन वाजायला लागतील.