माळेखालची गाठ

"तंबाखू किती वर्षं खाता?" हा प्रश्न मी दिवसातून वीस-पंचवीस वेळा तरी विचारते. सोलापुरात कान-नाक-घशाची ओपीडी चालवायची तर "खाता का?" असं विचारून भागत नाही. थेट "किती वर्षं?" म्हटलं की माणूस गडबडीत खरं सांगून जातो. त्या दिवशी समोर बसलेल्या गुरुजींनी मात्र उत्तर दिलंच नाही. सदऱ्याचं वरचं बटण काढलं आणि तुळशीची माळ पुढे ओढून दाखवली. "माळकरी आहे मॅडम. सुपारीचं खांडसुद्धा कधी तोंडात टाकलेलं नाही."

माळेच्या डाव्या अंगाला, जबड्याच्या कोपऱ्याखाली, लिंबाएवढी गाठ होती.

गुरुजी ५२ वर्षांचे, जिल्हा परिषदेच्या शाळेत. (ओळख पटू नये म्हणून थोडे तपशील मी बदललेत.) आषाढीची वारी करून आले आणि अंघोळ करताना गाठ हाताला लागली. दुखत नव्हती, ताप नव्हता, जेवण व्यवस्थित. दोनदा अँटिबायोटिकचे कोर्स झाले होते, आता टीबीची औषधं सुरू करू असं कुणीतरी सुचवलं होतं. मी टॉर्च मारून घसा पाहिला, स्वच्छ. सोनोग्राफीत पाण्याची गाठ दिसली. सुई घातली तर सहा मिली पिवळसर पाणी आलं आणि रिपोर्टमध्ये कॅन्सरच्या पेशी नव्हत्या. मी केसपेपरवर 'ब्रँकियल सिस्ट' लिहिलं, म्हणजे मानेत जन्मापासून राहून गेलेली पिशवी. ऑपरेशनची तारीखही देऊन टाकली. गुरुजी खूश झाले, जाताना पंढरपूरच्या प्रसादाची पुडी टेबलावर ठेवून गेले.

रात्री ते चुरमुरे खाता खाता मला त्यांचं वय आठवलं. जन्मजात पिशवी फुगायला बावन्न वर्षं कशाला थांबेल? ती बहुतेक विशी-तिशीतच दिसते. 'चाळिशीनंतर मानेत गाठ आली तर कॅन्सर नाही हे सिद्ध होईपर्यंत तो कॅन्सरच धरा' हे मीच इंटर्नना शिकवते. आणि टॉन्सिलच्या कॅन्सरची मानेत उतरलेली गाठ अशीच पाण्यानं भरलेली असू शकते, सुईत नुसतं पाणीच येऊ शकतं, हेही मला माहीत होतं. पण समोर माळ दिसली आणि माझ्या डोक्यातला कॅन्सर आपोआप खाली बसला. तंबाखू नाही म्हणजे कॅन्सर नाही, इतका हा हिशोब आमच्या भागात अंगवळणी पडलाय.

सकाळी फोन करून बोलावून घेतलं. या वेळी टॉर्च बाजूला ठेवला आणि हातमोजा घालून बोट घशात घातलं. गुरुजींना उमासे आले, डोळ्यांत पाणी आलं, पण बिचारे तोंड उघडं ठेवून बसले. उजवा टॉन्सिल मऊ, पिकल्या अंजिरासारखा. डावा दिसायला अगदी तसाच, तोच रंग, तोच आकार. पण दाबल्यावर आत चिंचोका असावा तसं काहीतरी टणक लागलं.

भूल देऊन तो टॉन्सिल काढला. कॅन्सरच निघाला.

पॅथॉलॉजिस्टनं मला बोलावून स्लाइड दाखवली. पी१६ नावाच्या प्रथिनाचा रंग चढवलेला होता आणि एकूण एक पेशी काताच्या रंगाची झाली होती. आयुष्यात पान न खाल्लेल्या माणसाच्या घशात तो रंग बघताना मला कसंसंच झालं. टॉन्सिलला वरून दिसत नाहीत अशा खोल खाचा असतात, आणि तिथलं अस्तर विरळ असतं. एचपीव्ही, म्हणजे ह्युमन पॅपिलोमा व्हायरस, त्यातही १६ नंबरचा, तिथे घर करतो. त्याची प्रथिनं पेशीचे ब्रेक निकामी करतात, मग पेशीत पी१६ साचत जातं. आपल्याकडे घशाच्या कॅन्सरमध्ये तंबाखूचाच वाटा मोठा असल्यामुळे नुसत्या पी१६वर विसंबणं बरं नव्हे, म्हणून विषाणूचा डीएनएही तपासायला पाठवला. १६ नंबरच आला.

मुलाला मी स्टेज समजावून सांगितली. हाच आकार, हीच चार सेंटिमीटरची गाठ विषाणूविना असती तर चौथी स्टेज लिहावी लागली असती. २०१८पासून वापरात असलेल्या वर्गीकरणात विषाणूवाल्या कॅन्सरचा तक्ता वेगळा आहे, त्यात ही पहिली स्टेज. कारण हा कॅन्सर उपचारांना चांगली दाद देतो. २०१०मध्ये प्रसिद्ध झालेल्या अमेरिकेतल्या एका अभ्यासात तीन वर्षांनंतर विषाणूवाले ८२ टक्के रुग्ण हयात होते, बाकीच्यांतले ५७ टक्के. पोरगा इंजिनिअर, त्यानं लगेच विचारलं, "मग ट्रीटमेंट कमी करता येईल का?" प्रश्न रास्त होता. तो प्रयत्न झालाय. सिस्प्लॅटिन या नेहमीच्या केमोच्या औषधाच्या जागी सौम्य समजलेलं औषध देऊन पाहिलं, तर जगणाऱ्यांचं प्रमाणच घटलं. म्हणून पूर्ण कोर्स: सात आठवडे, रेडिएशनच्या ३५ बैठका, सोबत सिस्प्लॅटिन.

गुरुजींचं या सगळ्याकडे लक्ष नव्हतं. त्यांना वेगळाच घोर लागला होता. "मॅडम, गावात म्हणतात, गुरुजी लपून खात असणार. मला लिहून द्या, हे तंबाखूचं नाही म्हणून."

मी लेटरहेड पुढे ओढलं आणि पेन थांबलं. तंबाखूनं नाही, मग कशानं? 'विषाणूमुळे' असं लिहिलं तर संध्याकाळपर्यंत कुणीतरी मोबाइलवर शोधणार, आणि एका आळातून सुटलेला माणूस दुसऱ्या, जास्त वाईट आळात अडकणार. शेवटी लिहिलं, 'टॉन्सिलचा कॅन्सर. रुग्णास तंबाखूचे व्यसन नाही.' सही केली, शिक्का मारला.

ते बाहेर गेल्यावर काकू, गुरुजींच्या पत्नी, फाइल विसरल्याचं निमित्त करून परत आल्या. फाइल त्यांच्या हातातच होती.

"मॅडम, हा व्हायरस म्हणजे बायकांच्या पिशवीच्या तोंडाला होतो तोच ना? आशाताईंनी सांगितलं होतं." मी हो म्हटलं. त्या पदराचा काठ बोटाला गुंडाळत राहिल्या. मला वाटलं आता विचारतील, हे बाहेर कुठं गेले होते का. पण त्यांनी विचारलं, "माझ्यापासून झाला का ह्यांना?"

याचं उत्तर मराठीत देणं फार अवघड. या गोष्टीसाठी आपल्याकडे एक तर शिवी आहे, नाही तर पाठ्यपुस्तकातला शब्द. मी अडखळत सांगितलं की हा नवरा-बायकोच्या संबंधातून, तोंडाचा संबंध आला की येऊ शकतो. तो इतका सर्रास आहे की संसार करणाऱ्या बहुतेकांना कधी ना कधी शिवून जातो, आणि बहुतेकांचं शरीर तो वर्ष-दोन वर्षांत घालवून टाकतं. एखाद्याच्याच घशात तो ठाण मांडतो आणि कॅन्सर व्हायला त्यानंतर वीस-तीस वर्षं जातात. कधी आला, कुणाकडून आला, हे सांगणारी तपासणी जगात नाही. हे शेवटचं वाक्य मी दोनदा सांगितलं. एका ताटात जेवलं तर? काही होत नाही. माझ्या घशाची तपासणी? गरज नाही, पण पिशवीच्या तोंडाची तपासणी करून घ्या, ती तशीही करायलाच हवी. लस? झालेल्या कॅन्सरवर तिचा उपयोग नाही. मात्र पुण्यात बनणारी लस ९ ते २६ वर्षांपर्यंत देता येते, तुमच्या धाकटीलाही आणि मुलालाही.

"मुलाला पण?" म्हणाल्या, आणि फाइल छातीशी धरून निघाल्या.

रेडिएशनसाठी चेहऱ्या-मानेचा साचा घ्यायचा होता, त्यात माळ चालणार नव्हती. त्यावर दोन दिवस घरात कुणी नीट जेवलं नाही म्हणे. शेवटी त्यांच्या फडावरच्या महाराजांनी सांगितलं, मनगटाला बांधा, पांडुरंग काही तक्रार करायचा नाही.

उपचार संपून तीन महिन्यांनी, कॅन्सर कुठे उरलाय का ते दाखवणारा पेट स्कॅन झाला, स्वच्छ आला. गुरुजी बारा किलोनं उतरलेले, लाळ आटलेली, हातात पाण्याची बाटली. माळ परत गळ्यात. मी विचारलं, "त्या कागदाचा उपयोग झाला का?"

"पाकिटातच आहे," ते म्हणाले आणि पाण्याचा घोट घेतला. "तोंडावर कुणी विचारतच नाही हो."