मास्क बसला होता, पण दिवसा

झोपेत श्वास थांबू नये म्हणून मास्कमधून नाकात हवा सोडणाऱ्या यंत्रातल्या नोंदी संगणकावर उघडल्या आणि पहिल्याच आलेखावर माझी नजर खिळली. गेल्या चौदा रात्रींपैकी एकाही रात्री मास्क तीन तास चेहऱ्यावर टिकला नव्हता. सरासरी होती अवघी एक तास पन्नास मिनिटे. आमच्याकडच्या यंत्रात मास्कमधून होणारी गळती मिनिटाला २४ लिटरांच्या आत राहणे अपेक्षित असते. या रुग्णाच्या बाबतीत मात्र मास्क लावल्यानंतर अर्ध्या तासाच्या आत ती पन्नासच्या घरात जात होती आणि मास्क काढेपर्यंत तिथेच राहत होती. रुग्णांना असे मास्क बसवून देणे हे माझे काम, आणि अशा नोंदी मी त्यात पुष्कळ पाहिल्या आहेत. पण या गृहस्थांचा मास्क मी स्वतः बसवला होता, आणि माझ्यासमोर तो उत्तम बसला होता.

काकांचे वय ६७. स्लीप ॲप्नियाची, म्हणजे झोपेत श्वास पुन्हा पुन्हा थांबण्याच्या आजाराची, तपासणी त्यांनी घरीच, छोटे उपकरण लावून करून घेतली होती. तिच्यात श्वास थांबण्याचे किंवा फार उथळ होण्याचे प्रमाण तासाला ३८ वेळा इतके निघाले. श्वास किमान १० सेकंद थांबला तरच तो ॲप्निया म्हणून मोजतात आणि तासाला ३० च्या वर गेलेला आकडा तीव्र आजारात धरतात, हे लक्षात घेतले म्हणजे त्यांच्या रात्री कशा जात असतील याची कल्पना येते. डॉक्टरांनी त्यांना आपोआप दाब बदलणारे सीपॅप यंत्र लिहून दिले होते. हे यंत्र खोलीतलीच हवा गरजेप्रमाणे बदलणाऱ्या दाबाने नळीतून नाकात सोडते आणि त्या हवेच्या आधाराने घशाचा मिटू पाहणारा मार्ग उघडा राहतो. औषध म्हणावे तर ते एवढेच, दाब. तो घशापर्यंत पोहोचतो की वाटेतच निसटून जातो, हे मात्र नाकावरच्या तीन-चार बोटे रुंदीच्या सिलिकॉनच्या गादीवर अवलंबून असते. म्हणूनच मला माझे काम दुय्यम वाटत नाही.

पहिल्या भेटीत मी सारे रीतसर केले होते. मापकाने नाकाची रुंदी मोजली, मध्यम मापाचा नाकाचा मास्क निवडला आणि पट्ट्या न बांधता तो आधी काकांच्याच हातात दिला, कारण स्वतःच्या हाताने नाकाशी धरलेल्या वस्तूची माणसाला भीती वाटत नाही. काही मास्कच्या पट्ट्यांना चुंबकाच्या कड्या असतात आणि पेसमेकरसारखे उपकरण शरीरात असलेल्या माणसाजवळ त्या चालत नाहीत, मग तो माणूस रुग्ण असो की त्याच्या शेजारी झोपणारा जोडीदार. तो प्रश्न मी काका आणि काकू दोघांनाही विचारला होता, कारण तो आमच्या फॉर्मवर छापलेला आहे. काका खुर्चीत बसलेले असताना मी यंत्र सुरू केले, गळती जवळजवळ शून्य दिसली आणि मी समाधानाने सही केली.

पाचव्या दिवशी त्यांचा फोन आला होता. वरच्या ओठाजवळून हवा सुटते, थोड्या वेळाने डोळ्यांत जाते आणि सकाळी डोळे चुरचुरतात, असे त्यांनी सांगितले. त्यांना भरघोस मिशी होती. मास्कची खालची कड मिशीवर टेकली की केसांमधून हवा निसटते, हे मला अनुभवाने ठाऊक होते, त्यामुळे मी फार विचार न करता सांगितले की खालच्या पट्ट्या थोड्या ओढून घ्या आणि जमल्यास मिशी बारीक करा.

आता ते माझ्यासमोर बसले होते ते मिशी पूर्ण काढून. नाकाच्या वरच्या हाडावर रुपयाएवढा लालसर डाग होता, त्याच्या मधोमध कातडे सोलवटले होते आणि गालांवर पट्ट्यांचे वळ उमटले होते. तरुणपणापासून ठेवलेली मिशी काढल्यावर घरातले लहान मूल आपल्याला ओळखेना, एवढेच ते म्हणाले. त्यांच्या बोलण्यात तक्रार नव्हती, आणि त्याचाच मला जास्त त्रास झाला. मिशी काढूनही गळतीची रेषा तसूभर खाली आली नव्हती, हे माझ्या समोरच्या पडद्यावर स्पष्ट दिसत होते.

मी पुन्हा मास्क लावून पाहिला. खुर्चीत बसलेले असताना गळती पुन्हा नगण्यच होती. मग मी त्यांना आमच्या तपासणीच्या पलंगावर उताणे झोपवले, त्यांच्या घरच्या उशीएवढीच उंच उशी दिली आणि दाब १२ सेंटिमीटरवर नेला (हा दाब पाण्याच्या स्तंभाच्या उंचीत मोजतात), कारण नोंदींप्रमाणे त्यांचे यंत्र रात्री बहुतेक वेळ तेवढा दाब देत होते. गळती किंचित वाढली, पण पन्नासच्या आसपाससुद्धा गेली नाही. कूस बदलून पाहिली, नळी वरून सोडून पाहिली. घरी जे घडत होते ते माझ्या खोलीत घडेना. अशा वेळी रुग्ण घरी नीट लावत नसेल असे मनात येते, आणि माझ्याही मनात ते आले होते, हे मला इथे लिहिलेच पाहिजे.

तेवढ्यात काकू म्हणाल्या, "ताई, पण रात्री यांचा चेहरा असा नसतो."

मी त्यांच्याकडे वळले. त्या थोड्या घुटमळल्या. "रात्री हे कवळी काढून ठेवतात ना."

काका पलंगावर उठून बसले. त्यांची वरची पूर्ण कवळी इतकी बेमालूम बसलेली होती की दोन भेटींत मला तिची शंकाही आली नव्हती. हिरड्यांना आराम मिळावा म्हणून रात्री कवळी काढून पाण्यात ठेवायची, असे त्यांना दंतवैद्यांनी सांगितलेले होते आणि ते योग्यच होते. पेसमेकरबद्दल मी दोघांना विचारले होते. कवळीबद्दल एकालाही नाही.

आता सगळे उलगडत गेले. वरचा ओठ आणि गालांचा पुढचा भाग यांना आतून आधार असतो तो दातांचा. कवळी काढली की ओठ आत जातो, खालचा जबडा नेहमीपेक्षा वर येतो आणि नाकाखालची जागा बुटकी व पोकळ होते. मास्कची खालची कड जिथे टेकायला हवी तिथे टेकायला काही उरतच नाही. त्या फटीतून हवा सुटते म्हणून माणूस खालच्या पट्ट्या ओढतो. खालून ओढ बसली की मास्कची वरची बाजू नाकावरून सुटते आणि हवा डोळ्यांत जाते. म्हणून तो वरच्या पट्ट्या आवळतो आणि नाकाच्या हाडावर जखम होते. आवळलेल्या गादीला चुण्या पडतात आणि त्या चुण्यांतूनही हवा निसटते. गादीचा पातळ आतला पडदा हवेने फुगून कातडीला अलगद चिकटावा अशी तिची रचना असते. आवळून बांधली तर तो पडदा फुगतच नाही. गळती होत राहिल्यामुळे यंत्राला श्वासाचा नीट अंदाज येत नव्हता आणि ते दाब वाढवत होते, तर वाढलेला दाब मास्क आणखी उचलून धरत होता. काका रोज रात्री या चक्रात अडकत होते आणि दीड-दोन तासांनी थकून मास्क बाजूला ठेवत होते. खालच्या पट्ट्या ओढायचा सल्ला माझा होता.

मी म्हणाले, "काका, रात्री जसे झोपता तसेच आत्ता झोपावे लागेल. चालेल का?"

त्यांना ते अवघड वाटले, हे दिसत होते. परक्या बाईसमोर कवळी काढणे ही लहान गोष्ट नाही. मी पडदा ओढला, पाठ वळवून सामान लावत राहिले आणि काकूंनी पर्समधून एक डबी काढून त्यांच्या हाती दिली. मी वळले तेव्हा पलंगावर दुसराच चेहरा होता, गाल आत गेलेला, वयाने दहा वर्षांनी मोठा. मी पंधरा दिवसांपूर्वी ज्याचे माप घेतले होते तो हा चेहरा नव्हताच.

मग कामाला लागले. जुना मास्क लावून दाब १२ वर नेताच गळती अठ्ठेचाळीसवर गेली. घरची रात्र अखेर माझ्या खोलीत आली होती. आधी लहान माप लावले. खालची कड बरोबर नाकपुड्यांखाली आली, पण बाजूंनी नाकपुड्या दबू लागल्या, म्हणून ते सोडून दिले. त्यानंतर लहान पण रुंद गादीचा मास्क घेतला. त्याची खालची कड मऊ ओठावर उतरत नाही, नाकाच्या बुडाशी असलेल्या हाडाच्या आधाराच्या जागेवरच थांबते, आणि वरची कडही नाकाच्या हाडावर न चढता मधल्या भागात टेकते. त्यामुळे जखमेला मोकळीक मिळणार होती. चेहऱ्यावरचे तेल गादीची पकड सैल करते, म्हणून काकांना तोंड साबणाने धुऊन यायला सांगितले. मग ते उताणे झोपले, मी सगळ्या पट्ट्या अगदी सैल ठेवून यंत्र सुरू केले आणि दाब चढल्यावर मास्क चेहऱ्यापासून थोडासा उचलून पुन्हा अलगद सोडला. गादी फुगून जागेवर बसली. पुढे दोन्ही हातांनी दोन्ही बाजूंच्या पट्ट्या सारख्याच, एका वेळी थोड्याथोड्या, गळती थांबेपर्यंतच ओढल्या. पट्टीखाली माझी दोन बोटे सहज जात होती. गळतीचा आकडा होता ७.

"एवढा सैल?" काकांनी विचारले आणि बोलायला तोंड उघडताच हवा भसकन तोंडावाटे बाहेर आली. नाकाच्या मास्कमध्ये असे होणारच, कारण तोंड मिटलेले असेल तरच दाब घशात टिकतो. मास्कवरच्या बारीक छिद्रांतून येणारी झुळूक मी त्यांच्या बोटांना जाणवून दिली. तीही गळती समजून ते इतके दिवस ती छिद्रे हाताने झाकत होते. त्या छिद्रांतून उच्छ्वासातला कार्बन डायऑक्साइड बाहेर जातो आणि ती कधीही झाकायची नसतात. हे मी पहिल्या दिवशी सांगितले होते, पण एकाच बैठकीत सांगितलेल्या वीस गोष्टींपैकी किती ध्यानात राहणार!

मी दिवा मंद केला आणि त्यांना नुसते पडून राहायला सांगितले. पंधरा-वीस मिनिटांत त्यांना गाढ झोप लागली. कित्येक महिन्यांची झोप बाकी होती, त्यात नवल नव्हते. अनपेक्षितपणे मला हवे होते तेच मिळाले होते, झोपेतला चेहरा. थोड्याच वेळात खालचा जबडा सैल पडला, ओठ विलग झाले आणि हवा फुरफुरत तोंडावाटे जाऊ लागली. मी हनुवटीखालून डोक्यावर जाणारा मऊ पट्टा हलकेच चढवला. तोंड मिटले, आवाज थांबला आणि खोलीत यंत्राची बारीक घरघर तेवढी उरली.

काकू एकदम खुर्चीतून उठल्या. त्यांचा हात काकांच्या खांद्याकडे गेला होता. एवढी वर्षे घोरणे थांबले की श्वास थांबला, हेच त्यांना ठाऊक होते. मग त्या बोटांवर आकडे मोजत आणि काका दचकून श्वास घेईनात तर त्यांना हलवत. मी त्यांचा हात धरला आणि काकांच्या छातीकडे बोट दाखवले. छाती एका संथ लयीत वरखाली होत होती. त्या उभ्याच राहिल्या. बऱ्याच वेळाने खाली बसल्या, पण नजर तिथून काढली नाही.

मी पडद्याजवळ उभी होते तेव्हा मला या उपचाराच्या सुरुवातीची आठवण झाली. सिडनीचे डॉ. कॉलिन सलिव्हन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८१ मध्ये पाच रुग्णांवर हा उपचार करून त्याचा वृत्तांत प्रसिद्ध केला, त्याआधी तीव्र आजारात गळ्याला छिद्र पाडून श्वासाची वाट करून देणे हाच खात्रीचा उपाय होता. सुरुवातीच्या काळात प्रत्येक रुग्णाच्या नाकाचा प्लास्टरचा साचा घेऊन त्यावरून मास्क घडवत आणि तो रोज रात्री चिकटद्रव्याने नाकाला चिकटवत. ते किती जिकिरीचे असेल! पण त्या पद्धतीत मास्क एकाच माणसाच्या एकाच चेहऱ्यासाठी घडत असे. आज आमच्याकडे तीन-चार मापे तयार असतात आणि मापकावर नाक मोजले की काम झाले असे वाटते.

त्या दिवशी दुपारच्या दोन भेटी मी पुढे ढकलल्या आणि काकांना चाळीस मिनिटे झोपू दिले. जागे झाल्यावर त्यांच्याकडून मास्क पाच वेळा काढून-लावून घेतला, दर वेळी कवळीशिवाय आणि झोपूनच. पट्ट्यांवर नेमक्या जागी खुणा केल्या आणि त्या खुणेपलीकडे ओढायचे नाही, हवा सुटली तर मास्क उचलून पुन्हा बसवायचा, असे काकूंनाही सांगून ठेवले. नाकावरची जखम डॉक्टरांना दाखवली. फॉर्मवर कवळीचा रकाना नव्हता, तो मी त्याच संध्याकाळी हाताने लिहून वाढवला आणि नव्याने छापून घेण्यासाठी दिला.

महिन्याने ते परत आले. नोंदींमध्ये सरासरी वापर रात्रीला सहा तासांच्या वर होता, गळती बहुतेक रात्री दहाच्या आत होती आणि उरलेले श्वासरोध तासाला चारवर आले होते. नाकावरचा डाग जवळजवळ गेला होता. मी आकडे समजावून सांगत होते, पण काकांचे लक्ष दुसरीकडे होते.

"ताई, मिशी परत ठेवली तर चालेल?"

तेव्हा मला दिसले की वरच्या ओठावर आठ-दहा दिवसांची वाढ होती. मी अंदाजाने उत्तर द्यायचे टाळले. त्यांना पलंगावर झोपवले, कवळी या वेळी त्यांनी न सांगताच डबीत ठेवली, आणि मी दाब १२ वर नेला. आकडा ११ वर थांबला. पूर्वीपेक्षा थोडा जास्त, पण चालण्याजोगा. मी त्यांना कूस बदलायला लावली, मास्क एकदा उचलून पुन्हा बसवला आणि पाच मिनिटे आकड्याकडे पाहत राहिले.

"चालेल," मी म्हणाले, "फक्त नाकपुड्यांच्या लगेच खालची जागा तेवढी बारीक ठेवा."