मारवा बघितला काल

काल संध्याकाळी सदाशिव पेठेतल्या एका छोट्या हॉलमध्ये मैत्रिणीचा प्रयोग बघितला, अजून डोक्यातून जात नाहीये. ती चित्र काढते, गाते, आणि हे सगळं लोकांसमोर, एकाच वेळी. सतरंजीवर ४०-एक माणसं, मागे तानपुरा आणि मध्ये ६ फुटी कॅनव्हास.

खरं सांगते, लाइव्ह पेंटिंगचे कार्यक्रम मी बरेच बघितलेत आणि बहुतेक वेळा गाणारा आपला गातो, चित्रकार कोपऱ्यात आपला रंगवतो, दोघांचं एकमेकांकडे लक्षच नसतं, फोटोपुरते शेवटी शेजारी येतात. इथं तसं नव्हतं. तिनं कॅनव्हासच्या पाठीला कॉन्टॅक्ट माइक चिकटवला होता, तो हवेतला आवाज नाही तर ज्याला लावलाय त्याची थरथर पकडतो, त्यामुळे कोळशाची प्रत्येक रेघ स्पीकरमधून खरखरत येत होती, मग तीच खरखर लूप पेडलवर, म्हणजे आवाज पकडून परत परत वाजवणाऱ्या पायाच्या यंत्रावर, फिरत ठेवली आणि तोच झाला ठेका. त्यावर मारवा राग.

मारव्यात पंचम म्हणजे प नाहीच, आणि जिथं येऊन गाणं विसावतं तो सा सुद्धा गाणारे टाळत टाळत जातात, कोमल रिषभ (रे) नाहीतर धैवतावर (ध) थांबतात, ऐकणाऱ्याला सारखं वाटतं आता येईल सा, आता येईल. तर तिनं कॅनव्हासच्या बरोबर मध्ये वीतभर जागा कोरी ठेवली. हात तिथपर्यंत जायचा आणि वळायचा. हात कसला, अख्खी तीच वळायची, एवढ्या मोठ्या कॅनव्हासवर नुसत्या मनगटानं भागत नाही ना, पाय टाकावे लागतात, वाकावं लागतं, आणि हे सगळं श्वास सांभाळून. शेवटी सा लागला तेव्हा तिनं तिथं रंग लावलाच नाही, नुसता ओला तळहात टेकवला. माइकमधून धप्प आवाज आला आणि पुढं बसलेली एक छोटी मुलगी एकदम उठून उभीच राहिली.

हा हॉल मिळायच्या आधी एका ठिकाणी फॉर्मवर विचारलं होतं, गाण्याचा कार्यक्रम का चित्रांचं प्रदर्शन? दोन्ही म्हटल्यावर नकार. मला याचा फार राग येतो. आपल्याकडे हे वेगवेगळं होतं कधी? कुडाळजवळच्या पिंगुळीत ठाकर समाजातले चित्रकथी पोथीतलं एकेक चित्र समोर धरून, वाद्यांच्या साथीनं रामायण-महाभारतातल्या कथा गात आलेत. ही कला आणि कळसूत्री बाहुल्या जपणाऱ्या परशुराम गंगावणे यांना २०२१ मध्ये पद्मश्री मिळाली. तिथं कोण विचारतं गाणं का चित्र?

केळकर म्युझियमच्या संग्रहातही चित्रकथीची जुनी चित्रं आहेत. रविवारी आम्ही दोघी जाणार आहोत, मी म्हटलं बघू गं निवांत, तर म्हणाली, "बघू काय, तिथं कुणी गायला नाहीये, मीच हळू आवाजात गाईन, तू फक्त शेजारी उभी राहा."