फोन ठेवण्यापूर्वी

बाबांचा फोन आला की आमचे बोलणे दोन मिनिटांत आटोपते. तब्येत, काम, झोप. त्यापुढे दोघांनाही शब्द सुचत नाहीत, आणि तरीही फोन ठेवण्यापूर्वी ते क्षणभर थांबतात, तेव्हा त्यांचा श्वास मला स्पष्ट ऐकू येतो. तीन वर्षांपूर्वी मी नोकरी सोडली, तेव्हा ‘तुला काय कळते?’ असे ते म्हणाले आणि ‘माझ्या आयुष्यात लुडबुड करू नका’ असे मी तोडून टाकले. तेव्हापासून आम्ही प्रत्येक विषय जपून काढतो. (अबोला धरला असता, तर तो सोडवायला कोणीतरी मध्ये पडले असते.) त्यांचा साधा प्रश्नही मला उलटतपासणी वाटतो, माझे तुटक उत्तर त्यांना तुसडेपणाचे वाटते, मग ते आईकडून निरोप धाडतात आणि तिच्या तोंडून येईपर्यंत त्यातली काळजी गळून नुसता सल्ला उरतो. चूक माझीही आहे, कारण मी निर्णय तेवढे कळवले, त्यामागची घालमेल कधीच सांगितली नाही. परवा ते असेच थांबले असताना मी प्रथमच म्हणालो, ‘बाबा, तेव्हा मी फार घाबरलो होतो.’ बराच वेळ ते काही बोलले नाहीत, पण त्यांनी फोनही ठेवला नाही.