उत्तंकाने पाहिलेला माग

श्रावण शुद्ध पंचमी, रात्री उशिरा.

आज विळी, सुरी, तवा सगळं बंद. दिंडं उकडली, नागाला लाह्या-दूध दाखवलं आणि जेवणं उरकल्यावर महाभारताचं आदिपर्व घेऊन बसले. आप्पा होते तेव्हा येवल्याच्या घरात नागपंचमीची दुपार अशीच जायची. एरवी दिवसभर खटखट चालणारा माग त्या दिवशी गप्प. आमच्याकडे पंचमीला धागा तोडत नसत, आणि धागा न तोडता पैठणी विणता येत नाही. मग आप्पा चटई अंथरून पौष्यपर्व वाचायचे. आदिपर्वाचा तिसरा अध्याय, उत्तंकाची गोष्ट.

गुरुपत्नीने त्याला पौष्य राजाच्या राणीची कुंडलं आणायला सांगितलेलं असतं, तेही चौथ्या दिवसाच्या आत. राणी कुंडलं देते, वर बजावते की तक्षकाची यांच्यावर नजर आहे, जपून ने. वाटेत पाण्यासाठी तो कुंडलं खाली ठेवतो, क्षपणकाच्या, म्हणजे नागव्या भिक्षूच्या वेषातला नागराज तक्षक ती उचलतो आणि बिळातून पाताळात जातो. उत्तंक काठीने जमीन उकरू लागतो. काठीने काय होणार! शेवटी इंद्राचं वज्र मदतीला येतं आणि वाट फुटते. आज कुणी कुदळही हातात घेत नाही, आणि गोष्ट नेमकी खणण्याची. लहानपणी मला याची भीती वाटायची. जिथे माणसाने जायचंच नाही तिथे हा चाललाय, असं वाटायचं.

खाली त्याला माग दिसतो. दोन स्त्रिया पांढऱ्या आणि काळ्या धाग्यांनी कापड विणताहेत. शेजारी बारा आऱ्यांचं चाक, ते सहा कुमार फिरवताहेत. एक पुरुष आहे, एक घोडा आहे. चोर पळालाय, मुदत संपत आलीय, आणि हा मुलगा तिथे उभा राहून मागाची स्तुती करतो. त्या चाकात तीनशे साठ दिवस बसवलेत, चोवीस पर्वं आहेत, म्हणजे पंधरवडे. पुढे गुरू उलगडून सांगतात: स्त्रिया म्हणजे धाता आणि विधाता, धागे म्हणजे रात्र आणि दिवस, चाक म्हणजे वर्ष, कुमार म्हणजे ऋतू.

इथे आप्पा पुस्तक मांडीवर ठेवायचे. ‘काळा ताणा की काळा बाणा?’ ताणा म्हणजे उभं सूत, बाणा म्हणजे आडवं. दर वर्षी हाच प्रश्न, आणि आम्ही पोरं दर वर्षी त्याचीच वाट बघत बसायचो. ते सांगायचे, ‘ताणा पांढरा आणि बाणा काळा घेतला तर सगळं कापड करडं होईल. ना धड दिवस, ना धड रात्र. पट्टे हवेत तर बाण्यातच दोन्ही रंग पाहिजेत. दोन रंग म्हणजे आडवं सूत नेणारे दोन धोटे. म्हणून तर दोघीजणी.’ हे मी पुढे कुठल्याच टीकेत वाचलं नाही, पण मला ते आजही पटतं.

एका वर्षी त्यांनी आणखी विचारलं. ‘हे कापड मागावरून उतरवतात कधी? रुळावर किती गुंडाळणार? आणि ताणा संपत कसा नाही?’ आमच्याकडे ताणा संपत आला की जुन्या टोकाला नवं टोक पिळून सांधतात, एकेक करत हजारो. त्या बायकांना नवं सूत कोण आणून देतं? बराच वेळ गप्प राहून म्हणाले, ‘विणलेलंच फिरून ताण्याला येत असणार.’

आज तो श्लोक मुळातून वाचला. भांडारकर संस्थेच्या चिकित्सक आवृत्तीचा आदिपर्वाचा खंड १९३३ चा, त्याची छापील पानं माझ्याकडे आहेत. ‘वयतस्तन्तून्सततं वर्तयन्त्यौ’. विणताहेत, आणि सतत फिरवताहेत. वर्तयन्त्यौ, लगेच पुढे विवर्तयन्त्यौ. आपल्या आवर्तनातला तोच धातू. आप्पांना संस्कृत येत नव्हतं. त्यांना माग येत होता. मला भरून आलं.

आणि गोष्टही तशीच फिरते. घोडा उत्तंकाला क्षणात परत आणतो, गुरुपत्नी केस विंचरत शाप द्यायच्या बेतात असते. तो वेळेत पोचतो, तरी गुरू विचारतात, इतका वेळ का लावलास? मग तक्षकावरचा राग मनात धरून तो हस्तिनापूरला जातो आणि जनमेजयाला सांगतो, तुझ्या बापाला तक्षकाने मारलं. त्यातून सर्पसत्र, सगळ्या नागांना जाळण्याचा यज्ञ. त्या सत्रात वैशंपायन महाभारत सांगतात, आणि आज त्याच महाभारतात आपण उत्तंकाला पाताळात उतरताना वाचतो. मागे जावं तर अर्जुनाने खांडववन जाळलं, ते तक्षकाचं घर. कुणाच्या सूडापासून मोजायला सुरुवात करायची? टोकच सापडत नाही. थांबवतो तो आस्तिक, नागकन्येचा मुलगा. तो काही कापत नाही, तोडत नाही. राजाची आणि यज्ञाची स्तुती करतो आणि सत्र थांबवण्याचा वर मागून घेतो. आजी झोपताना ‘आस्तिक, आस्तिक’ म्हणायची ते त्याचंच नाव.

आप्पा खड्ड्यातल्या मागावर बसायचे. कमरेपासून वर उजेडात, पाय जमिनीखाली. त्यांचा धोटा माझ्याकडे आहे. अंगठा टेकायचा तिथे लाकूड खोलगट झालंय, गुळगुळीत, तेल लावल्यासारखं. माझा अंगठा त्यात बसत नाही, त्यांचा मोठा होता.

संध्याकाळी दादाचा फोन आला. ती खोली त्याला रिकामी करायचीय, आणि त्याचंही बरोबर आहे, पावसाचं पाणी आत येतं. मागावर आप्पांची अर्धी राहिलेली पैठणी आहे, पदरातला दुसरा मोर मानेपर्यंत आलेला. त्या दिवशी जेवायला उठले ते परत बसलेच नाहीत. दादाने विचारलं, कापून उतरवू का?

म्हटलं, दादा, आज पंचमी आहे.

तो थोडा थांबला आणि म्हणाला, ‘हो गं, विसरलोच.’ मग दोघंही बराच वेळ फोन धरून होतो. त्याच्याकडे पाऊस लागला होता, पत्र्यावरचा आवाज इथपर्यंत येत होता.