पवईची मगर आणि दगडवाले काका

मगर जिवंत आहे की नाही हे बघायचं असेल तर मुंबईकर काय करतो? दगड मारतो. जानेवारीत पवई तलावावर अगदी हेच पाहिलं आणि माझं डोकं अजून शांत झालेलं नाही.

कांजूरमार्गपर्यंतची गर्दी, पुढे रिक्षावाल्याची कुरकुर, ते सगळं सोडून देतो. मगरींसाठी काम करणाऱ्या एका ताईंसोबत काठावर बसलो होतो. ऊन जरा चढलं तशी एक मगर चिखलावर येऊन पसरली. जबडा उघडा, हालचाल नाही. ताईंनी दुर्बीण दिली आणि फक्त डोकं बघायला सांगितलं. नाकपुडीपासून कवटीच्या मागच्या कडेपर्यंत जेवढं भरेल, त्याच्या साधारण सातपट मगर. हिचं डोकं फूटभर, म्हणजे लांबी सातेक फूट. रात्री मोजणी करताना बॅटरीच्या झोतात डोळे निखाऱ्यासारखे चमकतात, पाण्याबाहेर तेवढं डोकंच असतं, म्हणून हा हिशेब पाठ.

तेवढ्यात ट्रॅकसूट घातलेले एक काका आले. "अगं, प्लास्टिकची आहे, महापालिकेनं ठेवलीय," असं बायकोला सांगत त्यांनी दगड भिरकावला. मगर सपकन पाण्यात. काका खूश. "बघ, खरी निघाली!"

मी भांडायलाच उठलो होतो. ताई मात्र शांत. "काका, तिचं रक्त आपल्यासारखं आपोआप गरम राहत नाही. ऊन मिळालं नाही तर खाल्लेलं नीट पचत नाही तिला."

"मग राणीच्या बागेत का नाही नेत?"

हा प्रश्न त्यांना रोज ऐकावा लागत असणार. १९७२ च्या वन्यजीव कायद्यात मगर पहिल्या अनुसूचीत आहे, वनखात्याच्या परवानगीशिवाय तिला हात लावणंसुद्धा गुन्हा, हे त्यांनी सांगितलं. मग काठाकडे बोट दाखवलं. मादी उतारावरच्या मातीत खड्डा करून पंचवीस-तीस अंडी घालते. पिल्लू नर होणार की मादी, हे त्या खड्ड्यातल्या उष्णतेवर ठरतं. आणि याच तलावाकाठी सायकल ट्रॅकसाठी दगड रचायला घेतले होते! मे २०२२ मध्ये उच्च न्यायालयानं ते काम बेकायदा ठरवलं. मला विचाराल तर आधीच इथे सांडपाणी आणि जलपर्णीनं उच्छाद मांडलाय, वर सायकली कशाला?

"पण लोकांनी व्यायाम करायचा कुठे?" काकांचं सुरूच.

इतका वेळ गप्प असलेल्या काकूंनी विचारलं, "पिल्लं कधी दिसतात हो?"

"पावसाच्या तोंडावर. आत पिल्लांचा आवाज आला की आई माती उकरते आणि त्यांना तोंडात धरून पाण्यात सोडते."

"येईन मी जूनमध्ये," काकू म्हणाल्या. "ह्यांना नाही आणणार."