साउथ एंड ग्राउंड्सचा नकाशा मिळवताना : माझा अनुभव

बोस्टनच्या साउथ एंड ग्राउंड्स या बेसबॉल मैदानावर मला लेख लिहायचा होता आणि त्यासाठी आगविम्याच्या जुन्या नकाशाची, म्हणजे विमा कंपन्यांसाठी इमारतींचे बांधकाम दाखवणाऱ्या नकाशाची, छापण्याजोगी प्रत हवी होती. नकाशा सापडला, शुल्कही भरले गेले. घोडे अडले ते एका अभिलेखागाराच्या परवानगी-अर्जातील ‘मालमत्तेचा सध्याचा पत्ता’ या रकान्यापाशी.

१८७१ मध्ये सुरू झालेल्या आणि १९१४ नंतर मोडून काढलेल्या मैदानाला सध्याचा पत्ता कुठून आणायचा? रकाना कोरा ठेवला तर अर्ज अपूर्ण म्हणून परत आला. आज त्या परिसरात रगल्स रेल्वे स्थानक आहे, म्हणून स्थानकाचा पत्ता लिहिला, तर जागेच्या मालकाचे संमतिपत्र जोडावे, असा शेरा पडला. जे मैदान पाहिलेला माणूस आज हयात नाही, त्याच्या चित्रासाठी रेल्वेची संमती! पुढे खिडकीवरच्या बाईंनी अतिशय सौजन्याने मला हंटिंग्टन अव्हेन्यू ग्राउंड्सचे माहितीपत्रक दिले. ते मैदान १९०१ चे, रुळांच्या पलीकडचे. वर्ल्ड सिरीज या बेसबॉलच्या अजिंक्यपद मालिकेच्या पहिल्या वर्षीचा पहिला सामना १ ऑक्टोबर १९०३ रोजी तिथे झाला आणि साय यंग या नामांकित चेंडूफेक्याचा पुतळाही तिथेच आहे. पुतळा नसलेल्या मैदानाची दखल कोण घेणार, असे मी मनातच म्हटले.

अखेर दुसऱ्या एका कर्मचाऱ्याने सुचवल्याप्रमाणे पत्त्याच्या जागी नकाशाच्या खंडाचे वर्ष आणि त्यातल्या पत्रकाचा (नकाशाच्या पानाचा) क्रमांक लिहिला, आणि इतके दिवस अडलेला अर्ज मुकाट्याने मंजूर झाला. आपणही आधीपासून तेच करावे.

सूचीत हे मैदान ‘वॉलपोल स्ट्रीट ग्राउंड्स’ या नावानेही शोधावे, हे आधीच सांगायला हवे होते. शिवाय १८९४ च्या आधीचे आणि नंतरचे, अशी दोन्ही पत्रके मागावीत. १८८८ मध्ये बांधलेले मनोऱ्यांचे दुमजली प्रेक्षागार १५ मे १८९४ रोजी, बाल्टिमोरविरुद्धचा सामना चालू असताना, उजवीकडच्या बाकांखाली लागलेल्या आगीत भस्मसात झाले आणि आसपासची वस्तीही जळाली. विम्याची रक्कम अपुरी असल्याने नवे प्रेक्षागार लहान बांधावे लागले. या नकाशांत वीटकाम गुलाबी आणि लाकूडकाम पिवळ्या रंगाने दाखवतात, त्यामुळे प्रत रंगीतच घ्यावी. कृष्णधवल प्रतीत नेमके हेच हरवते, आणि शुल्क परत मिळत नाही.